सात पाण्यांची वाळू

गास, १८ मे

चि. एकनाथ,

आठ वर्षांनी तुझ्या नावामागे चिरंजीव लिहिताना हात अडखळला, म्हणून आधी पाकिटावर पत्ता लिहून घेतला. तुझा सातिवलीचा पत्ता शेजारच्या क्लेमेंटने दिला. त्याच्याकडे कसा, हे मी विचारलं नाही. पण मनात नोंदवून ठेवलं आहे.

तुझ्या केयूरचा डंपर पकडल्याचं कळलं. चोरटी वाळू असल्याचा संशय, म्हणून गाडी कचेरीच्या आवारात नेऊन उभी केली आहे. दंड भरला नाही तर अशा गाड्यांचा लिलाव करतात, असं क्लेमेंट सांगत होता. पोराने कारखान्यातली नोकरी सोडून गाडी घेतली होती, तीच गेली तर तो काय करणार, हा विचार मला पडला. तुला वाटेल, म्हाताऱ्याला आता कळवळा आला. वाटू दे.

त्या बुधवारी सकाळी मी फिरायला निघालो होतो, एवढाच माझा संबंध. साडेसहाची वेळ. वळणावरच्या क्रुसापाशी कचेरीची जीप आडवी लावलेली आणि तिच्यासमोर एक पिवळी गाडी. चष्मा घरी राहिला होता, त्यामुळे गाडी कुणाची हे कळायला मार्ग नव्हता. दोन दिवसांनी क्लेमेंटच्या तोंडून समजलं.

एक विचारतो. राग येईल, पण आठ वर्षांच्या रागात आणखी एवढ्याने काय फरक पडतो? तुमचा माल सातिवलीच्या गोदामातून निघतो. सातिवली पूर्वेला. मग ही गाडी कळंबकडून, समुद्राच्या अंगाने, भरलेली का येत होती? रिकामी येती तर मी हा कागद खराब केला नसता.

कळंबच्या किनाऱ्याची आता काय दशा आहे, जाऊन बघ कधी. सुरूच्या झाडांची मुळं म्हाताऱ्याच्या शिरांसारखी वर आली आहेत. खालची वाळूच राहिलेली नाही. मी चौथीत आणि तू दुसरीत असताना गुरुजी आपल्याला पायी तिथे न्यायचे. ओल्या वाळूत काठीने कविता लिहायची, आणि भरतीने पुसण्याआधी ती पाठ झाली पाहिजे, असा त्यांचा नेम. माझी व्हायची. तुझी अर्ध्यात असतानाच लाट यायची आणि तू लाटेला शिव्या द्यायचास. बोटांवर लघु-गुरू मोजत आपण घरी यायचो. मी अजून मोजतो. झोप येत नाही तेव्हा छताच्या वाशांवर वृत्तं लावतो.

खबर कुणी दिली असेल? क्लेमेंट हल्ली सकाळपासून फाटकात मोबाईल घेऊन बसलेला असतो. मी आलो की तो खिशात घालतो.

प्रल्हाद


गास, ८ जून

एकनाथ,

तुझं कार्ड मिळालं. आठ वर्षांनंतर भावाला लिहिताना तुला तीन शब्द पुरले. ‘खबर तूच दिलीस.’ खाली सहीसुद्धा नाही.

बाबांच्या वाडीचा तुझा अर्धा भाग तू बिल्डरला विकलास, तेव्हा मी तुला काय काय बोललो ते मला पाठ आहे. त्यातला शब्दही मी मागे घेत नाही. माझ्या केळींवर आता दुपारी तीनपासून त्या इमारतीची सावली पडते. पण कुणाच्या पोटावर पाय द्यायला मी फोन उचललेला नाही. माझ्याकडे जो फोन आहे त्यावर फक्त येणारे फोन घेता येतात. करायचे कसे हे सूनबाई दर सुट्टीत शिकवून जाते, आणि मी विसरतो.

केयूर म्हणतो म्हणे, की गाडीत दगडाची क्रश सँड होती. कळंबला कुणाच्या कॉटेजचं बांधकाम आहे, तिथे टाकायला नेली. मालकाने फाटक उघडलं नाही, म्हणून भरलेली गाडी परत निघाली आणि सापडली. वाहतुकीचा पास केबिनमध्ये होता, कुणी पाहिला नाही. क्लेमेंटने हे सगळं मला असं सांगितलं, जणू तो शेजारच्या सीटवर बसला होता. आणि तो कॉटेजवाला आता फोन उचलत नाही. ऐकायला छान गोष्ट आहे. सगळीकडून बंद होते, एकही फट राहत नाही. मला फटी नसलेल्या गोष्टींची भीती वाटते.

शिवाय वाळू ओली होती. पंचनाम्यात तसं आहे. ओली, आणि तिच्यातून पाणी गळत होतं. डोंगरातला दगड फोडून केलेल्या वाळूला पाणी कुठून येणार?

आई दाणे भाजायला कळंबहून वाळू आणायची, आठवतं? सात पाण्यांनी धुवायची, पडवीत वाळवायची, आणि चिमूटभर आपल्या तळहातावर ठेवायची. तू न चाखताच ‘झाली’ म्हणून ओरडायचास, दाण्यांची घाई. ती तुझं मनगट धरून म्हणायची, “आधी जिभेवर ठेव, मग बोल.” खारट लागली तर आठवं पाणी. तुझ्या त्या घाईची मला आज आठवण येते आहे. का, ते तू समज.

प्रल्हाद


गास, २९ जून

एकनाथ,

काल यमुना येऊन गेली. तुला सांगून आली की न सांगता, ते तुमचं तुम्ही बघा. चहा घेतला नाही. ओट्यावरच बसली, पिशवीतून एक झेरॉक्स काढली आणि माझ्या पुढ्यात ठेवली.

म्हणाली, “भावोजी, आमच्या लग्नाची मंगलाष्टकं तुम्ही लिहिली होती. ती माझ्या ट्रंकेत आहेत. अक्षर ओळखायला मला वकील लागत नाही.”

मी बराच वेळ विहिरीकडे बघत राहिलो. ती म्हणाली की विहिरीत उत्तर नसेल तर घरात बघा.

तेव्हा लिहितो. त्या सकाळी मी नुसता पाहणारा नव्हतो. मी पंच होतो. तुला ठाऊक आहे, गासात कुणी बुडालं, कुणाचं घर फुटलं, की पंच म्हणून मला बोलावतात, हे वीस वर्षं चालू आहे. क्लेमेंट म्हणतो, तुला पंच म्हणून नाही, लेखक म्हणून नेतात. त्या दिवशीही तलाठी तरुण होता, कागद हातात घेऊन अवघडून उभा होता. म्हणाला, काका, माझं अक्षर वर कुणाला लागत नाही, तुम्हीच लिहा ना. मी क्लेमेंटच्या स्कूटरच्या सीटवर कागद ठेवला आणि पंचनामा लिहिला. दुसरा पंच क्लेमेंट. तो न वाचता सही करतो, त्याला सवय आहे. तेव्हा तो काही माझ्याविरुद्ध तुला बोलला असेल, तर त्याची सहीही त्याच कागदावर आहे हे ध्यानात असू दे.

हे मी आधी का लिहिलं नाही? कारण तू आधीच कार्ड पाठवून मोकळा झाला होतास. पण गाडी तुमची आहे हे मला तेव्हा माहीत नव्हतं, हे मी पुन्हा सांगतो. चष्मा नव्हता.

तू म्हणशील, चष्म्याशिवाय दोन पानं लिहिली कशी. लिहिता येतं. हाताला वळण असतं.

यमुनेने जाताना सांगितलं की केयूर आता सातिवलीला दुसऱ्यांच्या गाड्यांवर हमाली करतो. त्याला न विचारता, न बोलावता दंडाचा आदेश निघाला आहे, आणि लिलावाची नोटीसही चिकटवली आहे. फाटकाशी थांबून ती म्हणाली, “तुम्ही छान लिहिता, भावोजी. फार छान लिहिता.” मला ते दिवसभर टोचत राहिलं.

प्रल्हाद


गास, २४ ऑगस्ट

एकनाथ,

तुमची वकिलीणबाई हिल्डा आज घरी आली होती. चुणचुणीत आहे. पायातल्या चपला काढून, माझ्या कवितांच्या वह्यांकडे बघत म्हणाली की शाळेत तिलाही पाठांतराला बक्षीस होतं. मी लगेच सावध झालो. गोड बोलून सुरुवात करणारा माणूस काहीतरी न्यायला आलेला असतो.

तिने मला समजेल असं सांगितलं. हायकोर्टात तुम्ही अर्ज केला, लिलाव थांबला. गाडीवाल्याचं म्हणणं न ऐकता दिलेला दंडाचा आदेश कोर्टाने रद्द केला आणि प्रांतांनी दोन्ही बाजू ऐकून नव्याने ठरवावं, असं सांगितलं. गाडी मात्र तोवर तिथेच. आता पास दाखवता येईल, गोदामाची पावतीही दाखवता येईल. पण आडवा येतो तो पंचनामा.

मग तिने त्यातलं एक वाक्य वाचून दाखवलं. माझंच वाक्य. ‘सदर वाळू ओली, चंदेरी, समुद्रगंधी असून तिच्यातून खारे पाणी टपटपत होते.’

वाचायचं थांबून तिने विचारलं, “काका, पाणी तुम्ही पाहिलंत?”

पाहिलं, मी म्हणालो. मागच्या फळीतून थेंब पडत होते.

“क्रश सँड मशीनवर धुतात. ती पण ठिबकते. खारं होतं, हे कसं कळलं?”

मी वह्या सारख्या करायला लागलो.

“हात लावला होता?”

नाही.

“मग वास?”

मी तिला म्हणालो की गासच्या वळणावर सकाळी वाराच खारा असतो. तिने ते वहीत लिहून घेतलं, आणि मला वाटलं की मी आता पकडला गेलो.

तिला माझ्याकडून प्रतिज्ञापत्र हवं आहे, की मी वाळूला हात लावला नव्हता, आणि ‘खारे’ हा शब्द माझ्या मनाचा आहे. मी नाही म्हटलं. का, ते तुला सांगतो. शब्द माझ्या मनाचा असेल, पण खोटाच असेल असं कशावरून? मी लिहून दिलं, आणि उद्या कळलं की माझ्या भावानेच कळंब उपसलं, तर? त्या वाळूवर मी पहिली कविता लिहिली आहे. तू मला खरं लिहून पाठव. आईची शपथ घेऊन लिही, की ती वाळू समुद्राची नव्हती. मग मी सही करतो.

आणखी एक. मी हिल्डाला विचारलं, खबर कुणाची होती. ती म्हणाली, फाईलमध्ये खबर नाहीच. जीप कळंबला दुसऱ्याच कामाला चालली होती, समोरून गाडी आली म्हणून थांबवली. म्हणजे तीन महिने मी क्लेमेंटच्या मोबाईलकडे बघत होतो ते कशासाठी? संध्याकाळी त्याला सरळ विचारलं, काय बघतोस रे त्यात. त्याने लाजत दाखवलं. कॅनडात त्याला नात झाली आहे, तिचे व्हिडिओ. पडद्यावरच्या पोरीला खेळवतो म्हणून मी हसेन, या लाजेने लपवायचा. तुझा पत्ताही त्याच्याकडे होता तो नाताळचं कार्ड पाठवायला. दरवर्षी पाठवतो म्हणे. मी नाही पाठवलं एकदाही काही.

तुझ्या उत्तराची वाट पाहतो.

प्रल्हाद


गास, ७ सप्टेंबर

एकनाथ,

तुझं दुसरं कार्ड आलं. या वेळी चार ओळी.

‘आईची शपथ घालू नकोस. पंचनाम्यात गाडीचा नंबर आहे, रंग आहे, डाव्या मडगार्डचा पोचा आहे, तुटका आरसा आहे. मागच्या फळीवर हातभर अक्षरांत जे लिहिलंय तेवढंच नाही. तू वाचलं होतंस.’

कार्ड मी तीन दिवस उशाखाली ठेवलं. क्लेमेंटकडे न्यावं असं वाटलं, नेलं नाही.

चष्मा होता, एकनाथ. नाकावर होता.

जीपच्या मागून मी वळलो आणि सगळ्यात आधी तेच दिसलं. ‘आनंदीबाईची कृपा’. लाल अक्षरं, पांढरी कड, दोन्ही बाजूंना कमळ. आईचं नाव, डिझेलच्या डागांत. वाडी विकून घेतलेल्या गाडीवर. माझ्या डोळ्यांपुढे तिने लावलेली पानवेल आली, आणि तिच्या जागी उभा असलेला त्या इमारतीचा जिना आला. केयूर केबिनजवळ उभा होता. त्याने मला ओळखलं, हाक मारणार होता, मी मान फिरवली. पास काढायला केबिनकडे गेलेला त्याचा हात मी पाहिला. त्याने तो पुढे केला होता का, तलाठ्याने पाहिला नाही का, हे मला सांगता येणार नाही, कारण तोवर मी लिहायला लागलो होतो.

मला शब्द सुचत होते. बऱ्याच वर्षांत सुचले नव्हते इतके. चंदेरी, समुद्रगंधी. ‘टपटपत’ लिहिताना मला बरं वाटलं होतं. आणि तिचं नाव मी गाळलं, कारण ते लिहिलं असतं तर मला तो कागद तिथेच फाडावा लागला असता.

हिल्डाला निरोप दे. मी येतो म्हणावं. प्रतिज्ञापत्र ती लिहील तसं लिहू दे, तिच्या भाषेत. माझ्या भाषेत नको.

तू शपथ घेतली नाहीस, हे मात्र मी वाचलं आहे.

प्रल्हाद


गास, ११ ऑक्टोबर

एकनाथ,

काल प्रांतांपुढच्या सुनावणीला तू दाराशी उभा होतास, मी आत होतो, त्यामुळे तुला सगळं ऐकू आलं की नाही, ठाऊक नाही. म्हणून लिहितो.

आधी आवारातलं. हिल्डा कागदांना शिक्के मारायला गेली, तेव्हा मी गाडीपाशी गेलो. पावसात चार महिने उभी, टायर बसलेले, वाळूवर गवत उगवलेलं. केयूर मागून आला. मला चाकावर पाय ठेवताना बघून म्हणाला, “मोठे काका, पडाल. हात द्या.” मी त्याला दिला. वर चढून चिमूटभर वाळू घेतली आणि जिभेवर ठेवली. तो बघत होता. त्याला वाटलं असेल, म्हाताऱ्याचं डोकं गेलं.

चव लागली नाही. दगड, थोडं लोखंड. पण आई सात पाण्यांत काढायची ते चार महिन्यांच्या पावसाने काढलं नसेल कशावरून? चढताना मला जेवढं माहीत होतं, उतरतानाही तेवढंच माहीत होतं.

आत साहेबांनी विचारलं की पाणी खारं असल्याचं मी कशावरून लिहिलं. मी म्हटलं, “कशावरूनच नाही. बोट लावलं नव्हतं. गाडी भावाची होती, त्याचा राग होता, तो वाळूत मिसळला.” कारकुनाने लिहिता लिहिता वर पाहिलं आणि रागाचंही घालू का असं विचारलं. साहेब म्हणाले, पहिली दोन वाक्यं पुरेत. मी म्हटलं, घालायचं. सगळं घालायचं. या खेपेला मी काही गाळणार नाही. मग त्यांनी पेन खाली ठेवलं आणि विचारलं, म्हणजे भावाने चोरी केली नाही असं तुमचं म्हणणं आहे का.

ते तू ऐकलंस का? मी म्हणालो, “तसंही नाही. मला माहीत नाही, एवढंच माझं म्हणणं आहे.”

एवढं साधं वाक्य मी आयुष्यात कुठे लिहिलं नव्हतं. बाहेर आलो तर तू नव्हतास. यमुना होती. तिने माझी छत्री धरली आणि रिक्षापर्यंत आली. टोमणा मारला नाही.

प्रल्हाद


गास, २ नोव्हेंबर

चि. एकनाथ,

गाडी सुटल्याचं क्लेमेंटने सांगितलं. पास खरा, पावती खरी, पंचाने शब्द परत घेतले, मग धरून ठेवायला काही उरलं नाही. मंगळवारी ती माझ्या फाटकावरून गेली. केयूरने हॉर्न दिला. मागची अक्षरं धुतलेली होती, कमळंही. तू शेजारी बसला होतास आणि समोर बघत होतास.

तासाभराने मी फाटकाशी गेलो तर खांबावर वर्तमानपत्राची पुडी होती, सुतळीने बांधलेली. तूच ठेवलीस हे मला अक्षराशिवाय कळलं. ती गाठ आपल्या बाबांची आहे, पानांच्या जुड्यांना मारायचे ती. आत वाळू. फळीच्या आतल्या बिजागरीत घट्ट बसलेली, ताडपत्रीच्या घडीखाली, जिथे पाऊस पोचत नाही अशा जागेची. डब्याच्या बुडाशी साखर राहते तशी कोरडी, खडे झालेली. तुला शपथ घ्यायची नव्हती. तू मला पुरावा पाठवलास. खारट लागली तर तू चोर, नाही लागली तर मी. निवाडा माझ्या जिभेवर सोपवलास.

ती पुडी मी दोन दिवस टेबलावर ठेवली. तिच्याकडे बघत जेवलो. संशयाची सवय लागते, एकनाथ, विड्याच्या पानासारखी. मला खरंच जाणून घ्यायचं होतं. अजून आहे. कळंबची ती उघडी मुळं मला विचारतील, तू का नाही चाखलीस. त्यांना काय सांगायचं ते मला सुचलेलं नाही.

काल सकाळी मी विहिरीवर बसून ती वाळू धुतली. परातीत, आईसारखी. एक, दोन, तीन, सातही वेळचं पाणी ओतलं केळीच्या बुंध्याशी. न चाखता. मध्ये एकदा बोट ओठांपर्यंत गेलं होतं, ते कमरेला पुसलं. आता पडवीत वाळत घातली आहे. ती कुठली होती हे आता कुणालाच सांगता येणार नाही, मलाही नाही.

लोखंडी कढई माळ्यावरून काढली आहे. शेंगदाणे क्लेमेंट आणतो म्हणाला. रविवारी भाजायचे आहेत, पण मंद आचेवर हलवत बसायला माझा खांदा पुरत नाही. आणि आईचा नियम तुला माहीत आहे. पहिला घाणा घालायच्या आधी वाळू कुणीतरी जिभेवर ठेवावी लागते.

ते काम तुझं.

दादा